नाव पुसलेल्या नटीचा माग कसा काढायचा

माद्रिदला 'एल रास्त्रो' नावाचा बाजार दर रविवारी सकाळी भरतो. जुने कपडे, पितळेच्या कड्या, मोडकी घड्याळं आणि खोकीच्या खोकी जुने कागद. मी तिथे भाषा शिकायला होते तेव्हा अशाच एका खोक्यातून चार युरोंना एक चित्रपटाचं हस्तपत्रक घेतलं. आकार पोस्टकार्डाएवढा. पुढे एका हसऱ्या मुलीचा चेहरा, मागे कुठल्याशा गावातल्या थिएटरचं नाव, वार आणि खेळाची वेळ. चित्रपट १९३३ चा, 'सुसाना तिएने उन सेक्रेतो', म्हणजे सुसानाचं एक गुपित आहे. मुलीचं नाव रोसिता दिआथ खिमेनो.

पुण्यात परत आल्यावर तिच्याविषयी शोधलं तर हाती चार ओळी लागल्या. जन्म माद्रिदचा. जन्मसाल एका ठिकाणी १९०८, दुसऱ्या ठिकाणी १९११. काही चित्रपट केले. पंतप्रधानाच्या मुलाशी लग्न केलं, १९८६ साली न्यूयॉर्कमध्ये वारली. एका बाईच्या आख्ख्या कामाचं एवढंच उरावं, हे मला तेव्हाही सहन झालं नाही, आजही होत नाही. त्यानंतर सहा वर्षं, शिकवण्या संपल्या की रात्री नऊ ते अकरा, मी तिचा माग काढते आहे. तो कसा काढायचा हे मला कुणी सांगितलेलं नव्हतं. म्हणून हे लिहिते. स्पॅनिश बोलपटाच्या पहिल्या सात-आठ वर्षांतल्या कुठल्याही विसरलेल्या नटीला ही पद्धत लागू पडते. उदाहरण मात्र मी रोसिताचंच देणार.

आधी नाव नीट समजून घ्या

स्पेनमध्ये माणसाला दोन आडनावं असतात, सहसा पहिलं वडिलांकडचं, दुसरं आईकडचं. दिआथ वडिलांचं, खिमेनो आईचं. लग्नानंतर बाई आडनाव बदलत नाही. त्या काळचे पत्रकार दोन्ही आडनावं छापायचा कंटाळा करत, त्यामुळे वर्तमानपत्रांत ती बहुतेकदा नुसती 'रोसिता दिआथ' असते. पूर्ण नावाने शोधलंत तर निम्म्याहून अधिक मजकूर तुमच्यासमोर येणारच नाही.

शिवाय खिमेनो हे नाव रोमन लिपीत जी या अक्षराने लिहितात आणि जे नेसुद्धा. उच्चार तोच. छापणाऱ्याने जे ऐकलं ते जुळवलं. दोन्ही रूपं शोधा. दिआथमधल्या आय वर स्वराघाताची रेघ असते. ती असलेलं आणि नसलेलं, दोन्ही शोधा. पानांचे फोटो वाचून त्यातली अक्षरं ओळखण्याचं काम यंत्राने केलेलं असतं आणि १९३० च्या स्वस्त कागदावर पसरलेली शाई त्या यंत्राला फसवते. स्तंभ अरुंद असल्यामुळे ओळीच्या शेवटी नाव तुटतं, 'रोसि' एका ओळीत आणि 'ता' पुढच्या. असं तुटलेलं नाव शोधखिडकीत सापडत नाही. तारखेवरून अंदाज बांधून ती पानं डोळ्यांनीच वाचावी लागतात.

ती अमेरिकेत गेली की नाव पुन्हा बदलतं. तिथल्या व्यवसायाच्या मासिकांत ती बिनस्वराघाताची 'रोसिता डायझ' होते आणि पुढे न्यूयॉर्कमध्ये तर नवऱ्याच्या नावामागे 'मिसेस' लावून छापलेली सापडते. एकाच बाईची ही पाच-सहा रूपं वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा. माझी फुलस्केप वही अशीच सुरू होते.

आणि रोसिता हे नाव तिकडे आपल्याकडच्या सुमनसारखं घरोघरी आहे. एका नृत्यांगनेच्या कार्यक्रमांच्या बातम्या मी तीन आठवडे माझ्याच रोसिताच्या म्हणून उतरवत होते. ती दुसरीच निघाली. तेव्हापासून माझा नियम असा: बातमीत चित्रपटाचं, दिग्दर्शकाचं किंवा सहकलाकाराचं एक तरी ओळखीचं नाव नसेल तर ती नोंद पेन्सिलने करायची. शाई नंतर.

नावापेक्षा कामाने शोधा

या सगळ्या खटाटोपात मला एकच गोष्ट खरी उमगली. विसरलेल्या नटीला तिच्या नावाने शोधलं तर ती हरवलेलीच राहते, तिच्या कामाने शोधलं तर सापडते. नाव चुकीचं छापतात, गाळतात, आणि रोसिताच्या बाबतीत तर मुद्दाम पुसलं. पण चित्रपटाचं नाव, दिग्दर्शक, स्टुडिओ, सोबतचा नायक, ज्या थिएटरात लागला ते थिएटर, हे सगळं कुणी एकाच वेळी पुसू शकत नाही.

म्हणून आधी कामांची यादी करायची आणि ती काळाइतकीच ठिकाणानेही लावायची. त्या काळात स्पॅनिश बोलपट स्पेनमध्येच बनत होता असं नाही.

स्पेनमधला पहिला बोलपट म्हणून ज्याचं नाव घेतात तो फ्रान्सिस्को एलिआसचा 'एल मिस्तेरिओ दे ला पुएर्ता देल सोल'. तो जानेवारी १९३० मध्ये बुर्गोस गावी दाखवला गेला. पण आवाज नोंदवायचे सज्ज स्टुडिओ देशात नव्हते आणि आवाजाची यंत्रं असलेली थिएटरंही थोडी होती. कलाकार मग आवाज जिथे नोंदला जात होता तिथे गेले. पॅरिसजवळ झ्वाँव्हिल इथे पॅरामाउंटने स्टुडिओ काढला होता. तिथे एकच कथा, तोच सेट, आणि भाषेगणिक वेगळे नट. फ्रेंच मंडळी गेली की स्पॅनिश मंडळी त्याच दिवाणखान्यात उभी राहत. आपल्याला हे नवं नाही. प्रभातने १९३२ साली 'अयोध्येचा राजा' मराठीत आणि हिंदीत असाच दोनदा केला. फरक इतकाच की दुर्गाबाई खोटे दोन्हींत होत्या आणि झ्वाँव्हिलला भाषा बदलली की नटसंच बदलायचा.

रोसिता इथेच पहिल्यांदा सापडते, १९३० च्या 'उन ओम्ब्रे दे सुएर्ते' या चित्रपटात. दिग्दर्शक बेनितो पेरोखो. त्यामुळे या काळासाठी स्पॅनिश कागदांबरोबर फ्रेंच कागदही बघायचे, आणि चित्रपटाच्या स्पॅनिश नावासोबत त्याच्या फ्रेंच भावंडाचं नावही शोधायचं.

मग ती स्पेनमध्ये येते, कारण १९३२ मध्ये बार्सेलोनाला मोंज्विक टेकडीवर ऑर्फेआ हा देशातला पहिला बोलपटांचा स्टुडिओ सुरू होतो. जागा कुठली? १९२९ च्या आंतरराष्ट्रीय प्रदर्शनासाठी बांधलेला एक मंडप. १९३२–३३ या दीड-दोन वर्षांत तिचं नाव धडाधड दिसायला लागतं. 'एल ओम्ब्रे के से रेईआ देल आमोर', 'सुसाना तिएने उन सेक्रेतो', 'से आ फुगादो उन प्रेसो' हे तिन्ही पेरोखोचे, आणि फ्लोरियान रेयचा 'सिएर्रा दे रोंदा'. वर्षं लिहिताना सावध राहा. काही याद्या चित्रीकरणाचं वर्ष देतात, काही प्रदर्शनाचं. वहीत दोन रकाने करा. 'रोदाखे' म्हणजे चित्रीकरण आणि 'एस्त्रेनो' म्हणजे पहिला खेळ, हे दोन शब्द तर पाठच करा. ते शोधखिडकीत चित्रपटाच्या नावाबरोबर टाकले की बातमी नेमकी हाती येते. 'रेपार्तो' म्हणजे कलाकारांची यादी आणि 'कार्तेलेरा' म्हणजे आज कुठे काय लागलंय ते सदर.

त्यानंतर हॉलिवूड. १९३० च्या सुमारास तिकडच्या बहुतेक मोठ्या कंपन्यांनी स्पॅनिश चित्रपट काढायला घेतले होते. त्यांत माद्रिदचा नट, मेक्सिकोची नटी, अर्जेंटिनाचा खलनायक असे एकाच घरातले भाऊबहीण म्हणून उभे केले जायचे आणि प्रत्येकाचा हेल वेगळा. प्रेक्षक हसायचे, चिडायचे, वर्तमानपत्रांत वाद रंगायचे. माझ्या नायिकेचं आडनावच बघा. माद्रिदमध्ये दिआथ, मेक्सिकोत दिआस. शेवटच्या एका अक्षरावर अख्खा वाद उभा होता. मूकपटाच्या नटीला हा प्रश्न कधी पडलाच नव्हता.

बाकीच्या कंपन्या हळूहळू यातून बाहेर पडल्या. फॉक्सने मात्र १९३५ पर्यंत नेट लावला. रोसिताचे तिथले दोन्ही चित्रपट त्या शेवटच्या वर्षाचे. 'रोसा दे फ्रान्थिआ' हा स्पेनच्या दरबारात आलेल्या फ्रेंच राजकन्येचा, आणि दुसरा 'आन्खेलिना ओ एल ओनोर दे उन ब्रिगादिएर'. या दुसऱ्यापाशी थोडं थांबा. एनरिके खार्दिएल पोन्थेलाच्या विनोदी नाटकावरून तो केलेला, आणि सगळे संवाद पद्यात. स्पॅनिश बोलपट पाच वर्षांचा झालेला, माणसं आत्ता कुठे पडद्यावर साधं बोलायला लागलेली, आणि इथे नायिकेने यमकं जुळवत, तरीही बोलल्यासारखं बोलायचं. कॅलिफोर्नियात, स्पॅनिश कानांसाठी. त्यातले संवाद मोठ्याने वाचून बघा, मग त्या कामाची अवघडाई कळते. मी वर्गात मुलांकडून वाचून घेते. दोन ओळींत जीभ अडखळते.

कागद कुठे बसून मिळतात

हे सगळं पुण्यात बसून झालं हे आधी सांगते, कारण पैशांच्या आणि व्हिसाच्या विचाराने लोक सुरुवातच करत नाहीत.

स्पेनच्या राष्ट्रीय ग्रंथालयाचं 'एमेरोतेका दिखिताल' नावाचं जुन्या नियतकालिकांचं दालन आहे. फुकट. तारखेच्या मर्यादा घालून शोधता येतं, पान उतरवून घेता येतं. 'एस्ताम्पा', 'क्रोनिका', 'मुंदो ग्राफिको' ही सचित्र साप्ताहिकं आणि 'आओरा', 'एराल्दो दे माद्रिद', 'ला वोथ' ही दैनिकं तिथे आहेत. सचित्र साप्ताहिकांत मुलाखती आणि फोटो मिळतात, दैनिकांत तारखा. तारीख नेहमी दैनिकावरूनच पक्की करा. बार्सेलोनातल्या थिएटरांसाठी 'ला वांग्वार्दिआ' या दैनिकाचं जुनं दप्तर इंटरनेटवर आहे आणि ऑर्फेआ बार्सेलोनाला असल्यामुळे तिथल्या बातम्या जास्त जवळच्या. कातालुनियाच्या फिल्मोतेकाच्या, म्हणजे चित्रपट-अभिलेखागाराच्या, डिजिटल दप्तरात चित्रपटांची खास मासिकं आहेत. 'थिनेग्रामास' हे माद्रिदचं, १९३४ ते १९३६ एवढंच जगलं, पण छपाई इतकी देखणी की त्यातली नटी कागदावरून उठून येईल असं वाटतं.

फॉक्सच्या त्या दोन चित्रपटांसाठी हे सगळं पुरत नाही. तिथे मीडिया हिस्टरी डिजिटल लायब्ररीचा लँटर्न नावाचा शोध वापरा. न्यूयॉर्कचं 'सिने-मुंदिआल' आणि हॉलिवूडचं 'सिनेलांदिया' ही स्पॅनिश मासिकं त्यात आहेत, आणि इंग्रजी व्यवसायपत्रंही. इंग्रजी पत्रांत चित्रपटाची लांबी, कामगार, चित्रीकरण सुरू झाल्याचा आठवडा असं कोरडं पण कामाचं मिळतं. स्पॅनिश मासिकांत मिळतो तो वाचकांचा पत्रव्यवहार. 'हिचं लग्न झालंय का', 'हिची उंची किती'. नटी किती लोकप्रिय होती हे मी या पत्रांवरून मोजते, जाहिरातीवरून नाही.

आता हस्तपत्रकं. पुढची बाजू सगळे बघतात, खरी माहिती मागे असते. पुढचं चित्र वितरक छापून देई, मागची बाजू स्थानिक थिएटरवाला स्वतःच्या छापखान्यात छापून घेई. म्हणून एकाच चित्रपटाची वेगवेगळ्या गावांतली हस्तपत्रकं जमवली की तो चित्रपट कुठून कुठे फिरला, किती महिन्यांनी खेड्यात पोहोचला, याचा नकाशा तयार होतो. विक्रेत्याकडे मागच्या बाजूचा फोटो मागितल्याशिवाय पैसे पाठवू नका. मला एकदा टपालाने आलेलं पत्रक हातात घेताच कळलं की हा अलीकडचा कागद आहे, कोपरे पांढरे, मागे काहीच नाही. जुन्या पत्रकाची कुणीतरी काढलेली नक्कल होती. पैसे गेले.

दुसरी एक गोष्ट पुष्कळांना माहीत नसते. बार्सेलोनाहून तेव्हा चित्रपटांच्या छोट्या कथापुस्तिका निघत. चित्रपटाची गोष्ट कादंबरीसारखी लिहिलेली आणि मधे मधे प्रसंगांचे फोटो. ज्या चित्रपटाची फीत उरलेली नाही त्याची गोष्ट, प्रसंगांचा क्रम, नटीचे कपडेसुद्धा या पुस्तिकांत सापडतात. लेखकाने पदरची वाक्यं घातलेली असतात, त्यामुळे संवाद खरे धरू नका. फोटो खरे.

जुलै १९३६ नंतर पद्धत बदला

इथवर काम चिकाटीचं आहे. यापुढे ते जपून करण्याचं आहे.

१९३६ च्या उन्हाळ्यात रोसिता 'एल खेनिओ आलेग्रे' या चित्रपटाच्या चित्रीकरणासाठी कोर्दोबाला होती. थिफेसा कंपनी, दिग्दर्शक फेर्नांदो देल्गादो, कथा किन्तेरो बंधूंच्या नाटकाची. एका करड्या मार्किसबाईंच्या अंधाऱ्या वाड्यात त्यांची भाची कोन्सोलाथ्योन येते आणि घराच्या खिडक्या उघडतात, माणसं हसायला लागतात, अशी ती गोष्ट. ही भाची म्हणजे रोसिता. बाहेरची दृश्यं चालू असताना लष्कराने प्रजासत्ताक सरकारविरुद्ध बंड केलं आणि यादवी युद्ध पेटलं. १८ जुलैला कोर्दोबा बंडखोरांच्या हाती गेलं. चित्रीकरणाचा सगळा लवाजमा तिथे अडकला. रोसिताला अटक झाली.

त्या एका चमूतून माणसं कशी फुटली ते पाहा. दिग्दर्शक देल्गादोने थोड्याच महिन्यांत बंडखोरांच्या बाजूचे प्रचारपट केले. नट एदमुंदो बार्बेरो निसटला आणि सेव्हियाच्या बंडखोर जनरल केइपोच्या अमलाखाली काढलेल्या सहा महिन्यांवर त्याने पुस्तक लिहिलं. नट फेर्नांदो फेर्नांदेथ दे कोर्दोबा याचा आवाज पुढे साऱ्या स्पेनने ऐकला. १ एप्रिल १९३९ ला युद्ध संपल्याचं, बंडखोरांचा प्रमुख फ्रँको याचं शेवटचं निवेदन रेडिओवर वाचणारा तो हाच. आणि रोसिता सुटून देशाबाहेर गेली. प्रजासत्ताकाचे पंतप्रधान खुआन नेग्रीन यांच्या त्याच नावाच्या मुलाची ती बायको झाली.

या काळातली वर्तमानपत्रं वाचताना पहिली गोष्ट: मथळ्याखालचं शहर बघा. 'आ बे थे' हे दैनिक एकाच नावाने माद्रिदहूनही निघत होतं आणि सेव्हियाहूनही. माद्रिदचं प्रजासत्ताकाच्या बाजूचं, सेव्हियाचं बंडखोरांच्या बाजूचं. तीच अक्षरं, तोच आकार, आणि आत एकमेकांचे शत्रू. शहर न लिहिता नुसतं 'आ बे थे, १९३७' अशी नोंद केलीत तर ती फेकून द्यावी लागेल. माझ्या वहीत अशा अकरा नोंदी होत्या, सगळ्या पुन्हा शोधल्या.

दुसरी: तारखा. फ्रँकोच्या भागात कागदांवर 'विजयी वर्ष' मोजत. पहिलं विजयी वर्ष जुलै १९३६ ला सुरू होतं, दुसरं जुलै १९३७ ला, तिसरं जुलै १९३८ ला. आणि १९३९ मध्ये युद्ध संपल्यापासून पुढे 'विजयाचं वर्ष'. एखाद्या हस्तपत्रकावर नुसतं 'दुसरं विजयी वर्ष' असलं तर ते १९३७ च्या जुलै ते १९३८ च्या जुलैमधलं. शिवाय याने थिएटर कुणाच्या ताब्यात होतं तेही कळतं.

तिसरी: मृत्यूच्या बातम्या. रोसिताला हेर ठरवून गोळ्या घातल्या अशी अफवा परदेशी वर्तमानपत्रांपर्यंत पोचली होती. ती त्यानंतर पुष्कळ वर्षं जगली. पण ती बातमी ज्या दिवशी छापली गेली त्या दिवशी वाचणाऱ्याला ती खरीच वाटली असणार, आणि आज ते कात्रण एकटं हाती आलं तर तुम्हालाही वाटेल. युद्धातली कुठलीही बातमी एका बाजूच्या कागदावरून शाईत उतरवू नका. दोन्ही बाजूंचे आणि एक परदेशी, असे तीन कागद जुळले तरच.

अटक, तपास, हद्दपारी यांचे सरकारी कागद हवे असतील तर स्पेनच्या अभिलेखागारांचं 'पारेस' हे समाईक संकेतस्थळ आहे आणि सालामान्काला ऐतिहासिक स्मृतीचं दस्तऐवज केंद्र आहे. नेग्रीन घराण्याचे कागद लास पाल्मासला त्यांच्या प्रतिष्ठानाकडे आहेत. ईमेल स्पॅनिशमध्ये लिहा, लांबवू नका. पहिल्या ओळीत व्यक्तीचं पूर्ण नाव आणि सगळी रूपं, दुसऱ्या ओळीत वर्षं, तिसऱ्या ओळीत नेमकं काय हवंय. 'काही माहिती असल्यास कळवावी' असं लिहिलं की उत्तर येत नाही, आलं तर 'नाही' असं येतं. ऑगस्टमध्ये लिहू नका. तिकडे ऑगस्टात माणूस जागेवर नसतो.

फीत उरली आहे का

याचं उत्तर अनेकदा दुःखाचं असतं. तेव्हाच्या फिती नायट्रेटच्या, पेट घ्यायला निमित्त पुरे. १९४५ साली माद्रिदला रिएरा या चित्रप्रयोगशाळेला आग लागली आणि युद्धाआधीच्या कितीतरी स्पॅनिश चित्रपटांच्या मूळ फिती त्यात गेल्या. ऑर्फेआचा स्टुडिओही १९६२ मध्ये आगीतच संपला. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा डोळ्यांसमोर माद्रिद आलंच नाही. जानेवारी २००३ मध्ये आमच्या लॉ कॉलेज रस्त्यावर, पूर्वीच्या प्रभातच्या आवारात, नायट्रेट फितींच्या कोठीला आग लागली होती ते आठवलं. दुसऱ्या दिवशी मी त्या रस्त्याने गेले होते.

तरी विचारायचं. स्पेनची फिल्मोतेका १९५३ पासून फिती जपते आहे आणि माद्रिदच्या सांता इसाबेल रस्त्यावरच्या थिने दोरे या तिच्या चित्रगृहात जुने चित्रपट लागतात. विचारताना 'चित्रपट आहे का' एवढंच विचारू नका. पूर्ण आहे की तुकडा, किती मिनिटांचा, आवाजासह की नुसतं चित्र, आणि श्रेयनामावली आहे की नाही, असे चार प्रश्न वेगवेगळे विचारा. बोलपटाच्या बाबतीत चित्र उरतं आणि आवाज जातो असंही होतं. नटीची कारकीर्द तपासायची तर आवाज हवाच. फॉक्ससारख्या अमेरिकी कंपन्यांच्या स्पॅनिश चित्रपटांसाठी अमेरिकेतल्या अभिलेखागारांना वेगळं पत्र लिहा. स्पेनमध्ये नाही म्हणजे कुठेच नाही असं नसतं.

हद्दपारीनंतरचं कामही यादीत घ्यायला विसरू नका. इथे बहुतेक जण १९३६ ला वही मिटतात. रोसिता मेक्सिकोत पुन्हा पडद्यावर आली, १९४६ च्या 'पेपिता खिमेनेथ'मध्ये. दिग्दर्शक एमिलिओ फेर्नांदेथ, नायक रिकार्दो मोंतालबान, कथा खुआन बालेराच्या अंदालुसियातल्या कादंबरीची. ज्या अंदालुसियात तिला धरलं, ती अंदालुसिया मेक्सिकोत उभी केलेली आणि त्यात ती नायिका. स्पेनमध्ये तिला पुन्हा काम करता आलं नाही. नवरा न्यूयॉर्कला मेंदूचा शल्यचिकित्सक झाला, घर तिथेच झालं.

शेवटचं काम, जे आधी करावंसं वाटेल

'एल खेनिओ आलेग्रे' अर्धा राहिला होता. युद्ध संपत आल्यावर देल्गादोने तो पुरा केला आणि १९३९ मध्ये तो प्रदर्शित झाला. नायिका देशाबाहेर, शत्रूच्या घरची सून. उरलेल्या दृश्यांत तिच्या जागी दुसरी बाई उभी केली आणि श्रेयनामावलीतून रोसिताचं नाव काढून टाकलं. बार्बेरोचंही काढलं. चेहरा पडद्यावर, आवाज पडद्यावर, आणि नाव नाही. त्यानंतर ज्यांनी ज्यांनी याद्या केल्या, त्यांतल्या कित्येकांनी त्या १९३९ च्या कागदांवरून केल्या. एक नाव गाळलं की ते पुढे दर नकलेत गळत जातं.

म्हणून हे करा. १९३६ च्या उन्हाळ्यातल्या चित्रपट मासिकांत त्या चित्रीकरणाच्या बातम्या शोधा. युद्ध सुरू होण्याआधीच्याच घ्या. त्यातला 'रेपार्तो' जसा छापला असेल तसा, क्रमासकट, वहीच्या डाव्या पानावर उतरवा. मग १९३९ ची जाहिरात किंवा हस्तपत्रक शोधा आणि त्यातली नावं उजव्या पानावर उतरवा. डावीकडे असून उजवीकडे नसलेल्या नावांखाली रेघ ओढा. नुसत्या रोसिताच्या नव्हे, प्रत्येकाच्या. हीच तपासणी १९३६ च्या आधी सुरू होऊन नंतर पुऱ्या झालेल्या दुसऱ्या कुठल्याही स्पॅनिश चित्रपटावर करता येते.

मी हे ज्या रात्री केलं त्या रात्री लाईट गेले होते. मेणबत्तीवर डावं पान पुन्हा वाचलं, आणि उजव्या पानावर पहिल्या ओळीच्या वर थोडी जागा होती तिथे तिचं नाव लिहिलं. दोन्ही आडनावांसकट. शाईने.